पानं मिटली की आत

मोबाइल उपडे ठेवा सगळ्यांनी. बंद नको करायला, उपडे ठेवले की पुरे. तोंडावर उजेड असला की ऐकणाऱ्याचं लक्ष उडतं, मग सांगणारा पदरचं घालायला लागतो. मला आज पदरचं काही घालायचं नाहीये. घालायची गरजच नाही.

ही गोष्ट माझी नव्हे. माझ्या हाताखाली काम शिकलेल्या एका माणसाची आहे. लिफ्ट दुरुस्त करायचो आम्ही, तुम्हाला माहीतच आहे. तसे आम्ही सगळेच लिफ्टवाले, पण ‘लिफ्टवाला’ हे नाव चिकटलं ते त्याला एकट्याला. कारण जगाला दहाव्या मजल्यावर पोचवणारा हा गडी स्वतः मात्र जन्मभर बैठ्या घरात राहिला. “दोन पायऱ्या, एवढीच काय ती तुझ्या घराची उंची,” असं आम्ही त्याला चिडवायचो आणि तोही हसायचा. आता त्या पायऱ्यांचं नाव काढलं की तो विषय बदलतो.

घर म्हणजे पुढे छोटा ओटा, मग बाहेरची खोली, तिला लागून बाबांची खोली, मागे स्वयंपाकघर. समोर वीसेक पावलांचं अंगण आणि अंगणाच्या टोकाला कुंपणाची भिंत. राहायला तिघं. तो, त्याची बायको आणि त्याचे बाबा. पोरंबाळं नाहीत.

बाबा पोस्टमन होते. चौतीस वर्षं पायी टपाल वाटलं त्यांनी. सायकल देत होते, घेतली नाही. म्हणाले, सायकलवरून माणसांशी बोलता येत नाही. आणि अशा माणसाला निवृत्तीनंतर तिसऱ्या वर्षी पक्षाघात झाला. उजवं अंग गेलं, वाचा गेली. नशीब कधीकधी माणसाचा नेमका दुखरा भाग शोधून तिथेच चिमटा काढतं. बोलण्यातला एकच शब्द उरला. ‘हां.’ बाकी काही नाही. पण त्या एका ‘हां’मध्ये त्यांचा सगळा संसार होता, बरं का. पाणी हवं असलं की वेगळा हां, पुरे झालं की वेगळा, राग आला की वेगळा. गोळ्या देताना चुकून एखादी डबीत राहिली, तर एक वर चढत जाणारा हां यायचा... “हां?” म्हणजे, अजून एक राहिलंय. आयुष्यभर पिशवी तपासलेला माणूस तो. काही राहिलेलं त्याला खपायचं नाही.

घरात त्यांचा जीव घुसमटायचा. बाहेर आणावं, तर अंगणात ऊन असं की फरशीवर अनवाणी पाऊल ठेववत नाही. लिफ्टवाला म्हणाला, झाड लावू. त्याची बायको पडली रोखठोक. म्हणाली, “रोप लावाल, तर सावली धरायला दहा वर्षं जातील. बाबांकडे दहा वर्षं आहेत का?”

त्याच आठवड्यात सुट्टी काढून तो झाड शोधायला निघाला. गोष्ट सुरू होते ती इतकी साधी. एक माणूस बापासाठी सावली आणायला गेला.

शहराच्या दुसऱ्या टोकाला एक जुनं घर पाडायचं होतं. तिथे शिरीषाचं झाड होतं, मांडीएवढं खोड, वर छत्रीसारखा डेरेदार विस्तार. शिरीष पाहिलाय ना? मऊ झुबकेदार फुलं येतात, वास मंद असतो आणि वाळलेल्या शेंगा वाऱ्यावर खुळखुळतात. शोभेचं झाड, पण सावली खरी देतं. घरमालकाचा नातू म्हणाला, “फुकट न्या, फक्त लवकर न्या.” मोठी झाडं मुळांसकट उचलून दुसरीकडे लावणारा एक जण होता, त्याची स्वतःची छोटी क्रेन होती. त्याला आपण झाडवाला म्हणू. झाड उचलायच्या महिनाभर आधीच येऊन त्याने भोवती चर खणला होता, मुळं कापून गोणपाटात बांधली होती आणि खोडाच्या एका बाजूला चुन्याचा जाड पट्टा ओढला होता.

“हा कशाला?” लिफ्टवाल्याने विचारलं.

“ही उत्तर बाजू. तिकडे लावतानाही हीच बाजू उत्तरेला ठेवायची. उत्तरेची साल कोवळी असते, कधी ऊन पाहिलेलं नसतं तिने. फिरवून लावलं की भाजते.”

चुन्याच्या पट्ट्याखालीच, बसलेल्या माणसाच्या पाठीएवढ्या उंचीवर, साल गुळगुळीत झालेली होती. अगदी पाटासारखी. लिफ्टवाल्याने त्यावरून हात फिरवला.

“आमचे आजोबा टेकून बसायचे,” नातू म्हणाला आणि फोनवर बोलत पलीकडे गेला.

लिफ्टवाल्याला ती जागा फारच आवडली. झाड अंगणात आणून खड्ड्यात उतरवायची वेळ आली तेव्हा तो म्हणाला, “ही गुळगुळीत बाजू घराकडे करा. बाबांची खुर्ची तिथे आडवी टेकवता येईल. शिवाय ओट्यावरून ते सतत नजरेसमोर राहतील.”

घर पडत होतं दक्षिणेला. झाडवाला क्रेनवरून म्हणाला, “म्हणजे झाड अर्धं वळवायचं? ते पाठ करून बसलंय, त्याला तुम्ही तोंड करायला लावताय.”

“सालीला चुना फासू. भाजणार नाही.”

“झाड तुमचं, अंगण तुमचं,” झाडवाला म्हणाला. “माझं काय, मी आपला हमाल.” आणि त्याने झाड फिरवलं.

झालं. एवढीच चूक. बघितलं तर चूकसुद्धा नाही, प्रेमापोटी केलेली सोय. तुम्ही-मीही हेच केलं असतं.

पहिलं वर्ष झाडाने नुसता जीव धरला. दुसऱ्या उन्हाळ्यात मात्र असं काही फुटलं की रस्त्यावरची माणसं थांबून बघायची. रोज दुपार कलली की लिफ्टवाला नाहीतर दिवसा सांभाळायला येणाऱ्या बाई बाबांना बाहेर आणायच्या. बाई म्हणजे अंगापिंडाने चांगल्या भक्कम. लिफ्टवाला तर बाबांना सरळ दोन्ही हातांवर उचलायचा. त्यांचा डावा हात त्याच्या खांद्यावर, उजवा निर्जीव हात खाली लोंबकळायचा आणि चालताना दर पावलाला त्याच्या गुडघ्यावर आपटायचा. टप... टप... टप. त्याला त्या आपटण्याची इतकी सवय झाली होती, की पुढे काय झालं ते त्याला त्याच्यामुळेच कळलं. पण थांबा, क्रमाने सांगू द्या.

शिरीषाची एक गंमत असते. सूर्य मावळला की त्याची पानं जोडीजोडीने मिटतात, झाड झोपतं म्हणतात ना, तसं. त्यावरून घरात नियमच झाला होता. पानं मिटली की बाबा आत. घड्याळ बघायचं कामच नाही. बाबा स्वतःच वर बघून “हां” म्हणायचे, की चला, टपाल संपलं.

फक्त एक फांदी मिटायची नाही. खुर्चीच्या बरोब्बर वरची. सगळं झाड झोपलं तरी ती आपली टक्क उघडी. बायकोने दाखवलं, “ती बघा, ती झोपतच नाही.” लिफ्टवाला म्हणाला, “तिची रात्रपाळी असेल.” दोघं हसली. हसण्यासारखंच होतं ते तेव्हा.

आता तारीख नीट ऐका, त्याने मला दहा वेळा सांगितली आहे. एप्रिलची सतरा, मंगळवार. बायको चार दिवसांसाठी बहिणीच्या बाळंतपणाला गेलेली. बाई पाच वाजता घरी गेल्या. बाबा झाडाखाली. पावणेसहाला फोन आला, एका इमारतीत लिफ्ट चौथ्या-पाचव्या मजल्याच्या मध्ये अडकलीय, आत एक बाई आणि तिचं तान्हं बाळ. आमच्या धंद्यात अशा फोनला ‘येतो’ एवढंच म्हणायचं असतं. त्याने विचार केला, अर्ध्या तासाचं काम, पानं मिटायच्या आत परत. बाबांना म्हणाला, “हा आलोच.”

बाबा म्हणाले, “हां.”

बाळ बाहेर निघायला साडेसात झाले. मग ब्रेकच निकामी निघाला. मग इमारतीतले लोक म्हणाले, आता आलाच आहात तर दुसरी लिफ्टही बघा. गच्चीवरच्या मशीनच्या खोलीत डोकं घातलं की आम्हाला दिवसरात्र कळत नाही, हे मीच त्याला शिकवलेलं... साडेअकराला हात पुसून तो स्कूटरवर बसला. मस्त थकलेला. शीळ घालत निघाला. आणि दुसऱ्या चौकात त्याने करकचून ब्रेक दाबला.

बाबा.

किती वेगाने गेला ते त्याला आठवत नाही. बारा वाजायला दहा मिनिटं होती. फाटक लोटलं. अंगणात काळोख. खुर्चीत बाबा, मान उजवीकडे कललेली. जवळ जाऊन हात लावला...

जिवंत होते. अंग उबदार होतं. डोळे उघडे. आणि मुलाकडे बघतच नव्हते ते. शेजारी बघत होते, झाडाच्या त्या गुळगुळीत सालीकडे. जसं आपण गप्पा मारताना समोरच्याकडे बघतो तसं.

“बाबा, चुकलो. मला मारा, पण चुकलो,” असं म्हणत, रडत, त्याने त्यांना उचललं. तर बाबांनी डाव्या हाताने खुर्चीचा हात धरून ठेवला. सोडेनात. एकेक बोट सोडवावं लागलं. ओट्याकडे येताना ते सारखे त्याच्या खांद्यावरून मागे बघत होते आणि म्हणत होते, “हां? हां?”

वर चढत जाणारा हां. अजून एक राहिलंय.

त्याला वाटलं, खुर्ची राहिली. बाबांना बिछान्यावर ठेवून तो परत गेला, खुर्ची आणून ओट्यावर ठेवली आणि म्हणाला, “आणली बघा.” बाबांनी त्याच्याकडे अशा नजरेने बघितलं, की एवढा मोठा झालास आणि साधा पत्ता वाचता येत नाही तुला.

बुधवारी सकाळी खुर्ची झाडाखाली होती.

बाईंना विचारलं, तर त्या म्हणाल्या, “मी आत्ताच येतेय, मला काय विचारता?” गुरुवारी पुन्हा तेच. आणि खुर्ची आता घराकडे तोंड करून ठेवलेली. रात्री वारा नसताना शेंगा खुळखुळत. थांबत. पुन्हा खुळखुळत. बाबा जागे असायचे, दाराकडे बघत. डोळ्याला डोळा नाही. दोन दिवसांत त्यांचे गाल खप्पड झाले. जेवण सुटलं. लिफ्टवाल्याच्या मनाने घेतलं, की काहीतरी बाबांना बाहेर ओढतंय. मंगळवारी आपण त्यांना सहा तास त्याच्या हवाली केलं, आता ते त्यांना नेल्याशिवाय राहणार नाही. घाबरला होता हो तो. मी गंजलेल्या दोरांवर लोंबकळताना पाहिलंय त्याला, तेव्हा घाबरला नव्हता.

शुक्रवारी संध्याकाळी त्याने त्या नातवाला फोन लावला. म्हणाला, झाड छान आहे. मग म्हणाला, तुमचे आजोबा कसे गेले?

पलीकडे दार लावून घेतल्याचा आवाज आला.

“झाडाखालीच,” नातू म्हणाला. “पाय गेले होते त्यांचे. रोज सकाळी आम्ही उचलून बाहेर ठेवायचो, संध्याकाळी आत आणायचो. मी आणि माझा भाऊ. एके दिवशी... मला वाटलं त्याने आणलं. त्याला वाटलं मी आणलं.”

दोन घरचा पाहुणा उपाशी, म्हणतात ना. तसं झालं.

“थंडीचे दिवस होते,” नातू म्हणाला. “सगळे दारं-खिडक्या लावून झोपलेलो. शेजारच्या म्हणाल्या, रात्री कोणीतरी ‘आत घ्या रे’ म्हणत होतं...” आणि त्याने फोन ठेवला.

लिफ्टवाल्याने त्या दिवशी बाबांना बाहेर नेलंच नाही. खुर्ची आणून बाहेरच्या खोलीत ठेवली. आतून दाराला वरची कडी, खालची कडी, मधला बोल्ट. बाबांना गोळ्या दिल्या, पांघरूण घातलं, त्यांच्या खोलीचं दार लोटून घेतलं आणि स्वतः बाहेरच्या खोलीत, दाराला डोकं लावून झोपला. कोणी आत येणार तर आपल्या अंगावरून येईल, असा हिशेब. तीन रात्रींची झोप साचलेली. पडल्या पडल्या मेल्यासारखा झोपला.

आता मध्ये कोणी बोलू नका.

एक वाजून दहा मिनिटांनी त्याला जाग आली. पंखा थांबला होता म्हणून. वीज गेली होती. गल्लीत कुठे दिवा नाही. आणि तोंडावर वारा लागत होता.

दार उघडं होतं.

सताड. तिन्ही कड्या काढलेल्या. आणि तो झोपला होता त्या जागेवरून सरकलेला, सतरंजीसकट, भिंतीकडे. कोणीतरी अलगद बाजूला केल्यासारखा. खोलीत खुर्ची नव्हती.

त्याने बाहेर बघितलं. झाडाखाली खुर्ची. खुर्चीत पांढरं काहीतरी. मान उजवीकडे कललेली.

तुम्ही म्हणाल, त्याने आधी बाबांची खोली का नाही पाहिली? सांगणं सोपं असतं. अर्धवट झोपेत माणसाचं डोकं चालत नाही, मनातला सल चालतो. त्याच्या मनात एकच आलं. मी परत विसरलो. मी परत बाबांना बाहेर विसरलो...

तो धावला. पायरी उतरताना ठेच लागली, तसाच धावला. खाली वाकला, एक हात पाठीमागे, एक गुडघ्यांखाली, आणि उचललं.

हलके होते.

दोन दिवस जेवले नाहीत, त्याला वाटलं. अंग गार होतं. रात्रीचा गारठा, त्याला वाटलं. माणसाला जे वाटून घ्यायचं असतं ते वाटतं.

“आलो बाबा, आलो. चला आत.”

मानेभोवती हात पडला. घट्ट. त्याला बरं वाटलं. लहानपणी बाबांच्या गळ्यात आपण असाच हात टाकायचो, असंही मनात येऊन गेलं. तो चालायला लागला. पाच पावलं. सहा. सात. अंगणात आवाज नाही. शेंगांचा नाही. कुत्र्याचा नाही. त्याच्या स्वतःच्या पावलांचा तेवढा.

काहीतरी कमी होतं.

काय कमी आहे ते कळेना. आठ. नऊ. दहा...

गुडघ्यावर काही आपटत नव्हतं.

त्याने पाऊल टाकलं. काही आपटलं नाही. आणखी एक टाकलं. नाही. खाली लोंबकळणारा हात नव्हताच. दोन्ही हात वर होते. दोन्ही त्याच्या मानेभोवती. बोटं बोटांत अडकवलेली.

खाली बघायची त्याची छाती झाली नाही. थांबायचीही झाली नाही. थांबला असता तर ते वर बघेल, असं त्याला वाटलं. पाय चालत राहिले. ओटा आला. आणि त्याच्या कानाशी, अगदी कानाशी, कोणीतरी म्हणालं...

“सावकाश. पायरी आहे.”

बाबा बोलत नव्हते. सहा वर्षं एक शब्द सोडून काही बोलले नव्हते.

तो दोन पायऱ्या चढला. कशा चढला, विचारू नका. बाहेरची खोली. काळोख. बाबांच्या खोलीचं लोटलेलं दार. त्याने पायाने ढकललं. करकरलं. आणि आतून, बिछान्यावरून...

“हां?”

...

बाबा आत होते. बाबा आतच होते. सगळा वेळ.

तो दारात उभा. हातांवर ते. गार. मानेभोवती बोटं. टाकून द्यावं तर हात उघडेनात. मागे वळावं तर अंगण. त्याला वाटलं, मीच आणलं. तीन कड्या घालून ज्याला बाहेर ठेवलं, त्याला मी माझ्या हातांनी उचलून बाबांच्या खोलीत आणलं. आता हे बाबांची जागा घेणार...

“बाबा...” एवढंच तो म्हणाला. रडत होता. तो मला म्हणाला, मोठ्या माणसासारखा नव्हतो रडत, आई दिसेनाशी झालेल्या पोरासारखा रडत होतो.

बिछान्यावर हालचाल झाली. दिसत काही नव्हतं, नुसता आवाज. चादर घासल्याचा. ज्या अंगाची कूस बदलायला दोन माणसं लागायची, ते आपलं आपण सरकत होतं. डाव्या हाताने पलंगाची कड धरून. दम लागत होता. थांबून थांबून. भिंतीकडे. थोडं. आणखी थोडं.

मग थांबलं. आणि बाबा म्हणाले, “हां.”

हा हां त्याला ओळखीचा होता. तो लहान असताना रात्री स्वप्नात घाबरून उठला की बाबा पांघरूण उचलून, डोळे न उघडता, नुसतं असंच म्हणायचे. ये. जागा आहे.

लिफ्टवाला पुढे झाला. वाकला. ज्या बाजूला जागा केली होती, त्या बाजूला हातातलं ठेवलं. सावकाश. मानेभोवतीची बोटं एकेक करून सुटली. पलंग करकरला नाही. गादी मात्र दबली. खाली दबत गेलेली त्याला जाणवली, तळहाताखाली. एक मोठा श्वास सुटल्याचा आवाज आला. बाबांचा की कोणाचा, ते तो आजही सांगू शकत नाही.

मग तो तिथेच फरशीवर बसला. दाराला पाठ लावून. वीज आली ती पावणेदोनला. दिवा लागला.

बाबा भिंतीकडे एका कडेला, गाढ झोपलेले. तीन रात्रींनंतर पहिल्यांदा. डावा हात शेजारच्या मोकळ्या जागेवर टाकलेला, लहान मुलाला थोपटताना झोप लागावी तसा. त्या जागेवर कोणी नव्हतं.

त्यानंतर खुर्ची कधी हलली नाही. ती वरची फांदीही इतरांसारखी वेळेवर मिटायला लागली. बाबांचं जेवण सुधारलं. पुढे अकरा महिने जगले ते, मजेत जगले, रोज झाडाखाली बसले. लिफ्टवाला कुठेही असला तरी पाच वाजल्यानंतरचा फोन घ्यायचा नाही, मालक ओरडला तरी नाही. बाबा झोपायचे मात्र कायम भिंतीकडे, अंग चोरून. मध्ये ठेवलं तरी रात्रीतून सरकायचे. बायको परत आल्यावर चादर बदलताना म्हणाली होती, “बाबांजवळ कोण झोपत होतं हो?” गादीवर दोन खळगे होते. तो म्हणाला, मी. आयुष्यात बायकोशी तेवढंच एक खोटं बोललो, म्हणतो.

बाबा गेले तेही झोपेतच, भिंतीकडे तोंड करून. नंतर गादी गादीवाल्याकडे दिली. त्याने उसवली, कापूस पिंजला, नवीन खोळ घालून शिवून दिली. चार दिवस कोणी तिच्यावर पाठ टेकली नाही. मी भेटायला गेलो तेव्हा लिफ्टवाला मला त्या खोलीत घेऊन गेला. दार लोटलं. काही न बोलता चादर बाजूला केली.

बाबांची बाजू सपाट झाली होती. नव्यासारखी. दुसऱ्या बाजूला खळगा होता. डोक्याचा, पाठीचा, जवळ घेतलेल्या गुडघ्यांचा. मी त्याच्याकडे बघितलं. तो म्हणाला, “लावा हात.”

मी आयुष्यभर मशीनवर काम केलेला माणूस. मी अशा गोष्टी मानत नाही, तुम्हाला माहितीये. वाकलो. तळहात टेकवला...

गादी उबदार होती.